अत्तिपट्टूच्या फलाटावर

बल्लारपूर

आमच्या बल्लारपुरावरून दिल्ली-मद्रास लाइन जाते. माझं मोटार वायंडिंगचं दुकान स्टेशनच्या रस्त्यावर आहे, त्यामुळं दक्षिणेकडं जाणाऱ्या गाड्या मी लहानपणापासून पाहत आलोय. गाडी थांबली की तिकडचे लोक उतरतात, आमचा चहा तोंड वाकडं करून पितात आणि निघून जातात. चेन्नईला आता लोक चेन्नई म्हणतात, आम्ही अजून मद्रासच म्हणतो. त्या टोकाला आपल्याला कधी जावं लागेल असं मला वाटलं नव्हतं. गेलो तो देवाजीकाकांसोबत, त्यांच्या मुलाला शोधायला.

विलास हा चामोर्शीजवळच्या एका खेड्यातला. देवाजीकाका आणि सोनाबाईंचा एकुलता एक. घरी धानाच्या चार बांध्या, पण याचं मन शेतात रमेना म्हणून काकाजींनी त्याला माझ्याकडं काम शिकायला ठेवलं. दुकानाच्या मागच्या खोलीत राहायचा, मला 'उस्ताद' म्हणायचा, आणि जळालेल्या मोटारीत तांब्याची तार भरताना झाडीपट्टीच्या नाटकातली गाणी गुणगुणायचा. त्याचा हात माझ्यापेक्षा हलका होता. पुढं चेन्नईच्या कुठल्याशा पंपाच्या कारखान्यात वायंडिंगला माणसं पाहिजेत असं कळलं आणि तो गेला. दर रविवारी आईला फोन करायचा. एक रविवार फोन आला नाही, मग दुसरा, मग नंबरच बंद झाला. पोलिसात तक्रार दिली. त्यानंतर दोन पावसाळे, धानाच्या दोन रोवण्या होऊन गेल्या.

यंदा धान घरात आलं त्या सुमारास गावातला एक जण बायकोला घेऊन चेन्नईच्या दवाखान्यात गेला होता. तिथल्या लोकल गाडीतून जाताना त्याला एका फलाटावर विलास दिसला. त्यानं खिडकीतून हाक मारली, त्या माणसानं वळून पाहिलं आणि गाडी सुटली. घाईघाईत फोनवर काढलेला एक फोटो तेवढा त्याच्याजवळ होता. स्टेशनाचं नाव त्याच्या लक्षात राहिलं नव्हतं. फोटोत डोक्यावर टोपली घेतलेला माणूस आणि त्याच्या मागं विजेच्या कारखान्याची धुरांडी दिसत होती.

तो फोन घेऊन देवाजीकाका माझ्या दुकानात आले.

"सलीम, हे पाय. आमचाच आहे ना?"

मी फोटो मोठा केला. मोठा केला की चेहरा फुटून त्याचे चौकोन चौकोन होत होते. लहान केला की विलास दिसत होता.

"वाटते तर आहे, काकाजी."

"वाटते नको म्हनू. आहे का नाई सांग."

"आहे."

"मंग चाल."

सोनाबाईंना यायचं होतं. पण गुडघ्यांनी त्यांना ओसरी उतरणं कठीण झालेलं. त्यांनी विलाससाठी मुरमुऱ्याचे लाडू बांधून दिले आणि काकाजींना बजावलं, "त्यातला एकबी तुमी नोका खाऊ."

चेन्नई

सकाळी सेंट्रलला उतरलो तर पाऊस. आम्ही आपले स्वेटर घालून, कान बांधून उतरलेलो. काकाजींनी आभाळाकडं पाहिलं. "इथी आता पानी? आपल्या बांध्या त वाळून खडखडीत झाल्या."

सेंट्रलच्या शेजारीच लोकलचं वेगळं स्टेशन आहे. तिथल्या भिंतीवर नकाशा होता. मला वाटलं होतं, एखादी लाइन असेल, तिच्यावरून एकदा जाऊन आलं की झालं. इथं एक फाटा उत्तरेला, एक पश्चिमेला, एक दक्षिणेला, आणि शहराच्या डोक्यावरून उंच पुलावर चालणारा आणखी एक. प्रत्येक फाट्यावर टिपक्यांसारखी स्टेशनं. लांबलांबच्या गावांतली माणसं सकाळी या गाड्यांनी शहरात येतात आणि संध्याकाळी परत जातात. काकाजी नकाशावर बोट फिरवून म्हणाले, "यातलं धुरांडीवालं कोन्तं?"

ते मला कुठं ठाऊक? मी आपला एकेकाला फोटो दाखवत सुटलो. माणसं चांगली होती. बायका चष्मा वर करून बघायच्या, कारकून लोक बॅग खाली ठेवून बघायचे. मग मान हलवून म्हणायचे, "तेरियादु." म्हणजे ठाऊक नाही. त्या शहरात काकाजी पहिला शब्द शिकले तो हाच. दुपारपर्यंत समोरच्यानं तोंड उघडायच्या आत ते मला सांगायचे, "तेरियादु म्हनते तो."

आमच्या गोंदिया पॅसेंजरमध्ये चढलं की बूड टेकायच्या आत शेजारचा विचारतो, कुठी चालले, कोणाकडं, कायले. इथं कोणी काही विचारत नव्हतं. बाया आपल्या वेण्यांत मोगऱ्याचे गजरे घालून बसलेल्या, डब्यात त्या फुलांचा आणि ओल्या छत्र्यांचा वास. कोणी परीक्षेचं पुस्तक वाचतंय, कोणी डोळे मिटून पुटपुटतंय. त्या सगळ्यांना कुठं उतरायचं ते माहीत होतं.

एका गाडीवर 'बीच' लिहिलेलं पाहून काकाजींनी विचारलं, बीच म्हणजे काय. मी म्हटलं, समुद्राचा किनारा. त्यांनी जन्मात समुद्र पाहिला नव्हता, मीही नव्हता. वाटलं, तेवढं तरी होईल. बीच स्टेशनावर उतरून बाहेर आलो तर समोर ट्रकांनी भरलेला रस्ता, पलीकडं बंदराची लांबच लांब भिंत आणि भिंतीवरून डोकावणाऱ्या क्रेनी. समुद्र कुठं आहे म्हणून एका हवालदाराला विचारलं, तर त्यानं भिंतीकडं हात केला. काकाजी बराच वेळ नाक वर करून उभे राहिले.

"वास त येऊन राह्यला," ते म्हणाले. मग आम्ही परत आत गेलो.

अंबत्तूर

विजेच्या कारखान्याची धुरांडी उत्तरेला आहेत असं एका कारकुनानं सांगितलं, म्हणून दुसऱ्या दिवशी उत्तरेकडं जायचं ठरवलं आणि भलत्याच गाडीत बसलो. पाटीवर आधी तमिळ, मग हिंदी, मग इंग्रजी असं आळीपाळीनं येतं. आम्ही पाहिली तेव्हा तमिळ होती, आणि वाचायला थांबलो असतो तर गाडी गेली असती. पुष्कळ पुढं गेल्यावर कळलं की ही पश्चिमेची गाडी. अवाडीला उतरून परत फिरलो. वाटेत एका फलाटावरची पाटी मी मोठ्यानं वाचली, 'अंबत्तूर', आणि काकाजी ताडकन उठले.

"थांब. हे नाव तो फोनवर घ्यायचा."

उतरलो. तिथं कारखान्यांची मोठी वसाहत आहे. पंपाचा कारखाना कुठला, हे विचारत विचारत आम्ही चिखलातून फिरलो. तिसऱ्या की चौथ्या फाटकावर ओडिशाचा एक वयस्कर वॉचमन होता. त्यानं फोटो पाहिला आणि लगेच मान हलवली.

"विलास ना? महाराष्ट्रवाला? हाँ, यहीं था. उसका हाथ गया ना, प्रेस में."

मी त्याला हिंदीत विचारलं, "पत्रा कापायच्या प्रेसवर कशाला? तो तर वायंडिंगवाला होता."

"आदमी कम था, तो खड़ा कर दिया." त्यानं स्वतःचा उजवा हात पुढं केला आणि अंगठा नि करंगळी सोडून बाकीची बोटं मिटवली. "अस्पताल से आया, तो दूसरा लड़का रख चुके थे. दो-चार दिन यहीं गेट पे बैठा रहा. फिर नहीं आया."

काकाजींना हिंदी कळते. ते फाटकाच्या आत, शेडकडं पाहत होते. तिथून यंत्राचा एकसारखा धप् धप् आवाज येत होता.

वायंडिंगचं काम ज्यानं केलंय त्याला सांगायला नको. खाचेत तार बसली की नाही ते डोळ्यांना दिसत नाही, ते बोटांच्या टोकांना कळतं. ती बोटं गेली म्हणजे विलासचं काय गेलं हे मला तिथं उभ्या उभ्या समजलं, आणि फोन बंद का झाला तेही.

दुपारी एका खानावळीत केळीच्या पानावर भात घेतला. जाड, उकडा भात. एरवी धानपट्टीतला माणूस परक्या गावी भात पाहून हरखून जाईल. काकाजींनी दोन बोटांनी शीत दाबून पाहिलं, सांबार कालवलं, घास उचलला आणि हात तसाच अधांतरी राहिला. ते स्वतःच्या बोटांकडं पाहत होते. वाढपी येऊन आणखी भात वाढून गेला. काकाजींनी पान मिटून टाकलं.

अत्तिपट्टू

तिसऱ्या दिवशी मात्र पाटी नीट वाचून उत्तरेच्या गाडीत बसलो. या बाजूला शहर लवकर विरळ होतं. तिरुवोट्रियूर, मग एन्नोर. एन्नोरच्या पुढं धुरांडी दिसायला लागली आणि हवेत राखेचा वास आला. चंद्रपूरच्या विजेच्या कारखान्याकडून उन्हाळ्यात वारा सुटला की आमच्याकडं येतो तोच वास. इतका लांबचा प्रवास करून मी जणू आमच्याच ऊर्जानगरला पोचलो होतो. खाली खाडी होती. काळसर पाण्यात माणसं छातीपर्यंत उभी राहून जाळं ओढत होती.

"हाच का समुद्र?" काकाजींनी विचारलं.

"खाडी आहे. समुद्राचं आत शिरलेलं पाणी."

मधल्या एका स्टेशनात मासे विकणाऱ्या बायका रिकाम्या-भरल्या टोपल्या घेऊन चढल्या होत्या. दारातच बसल्या आणि मोठमोठ्यानं बोलू लागल्या. त्यांच्यातल्या एकीला मी फोटो दाखवला. पन्नाशीची, काळीसावळी, दोन्ही नाकपुड्यांत खडे. सरसा तिचं नाव, ते नंतर कळलं. तिनं फोटो डोळ्यांजवळ नेला आणि खळखळून हसली.

"हिंदीकारन!" म्हणजे हिंदीवाला. तिनं फोटो बाकीच्यांना दाखवला. आमच्याकडं वळून तिनं उजव्या हाताची मधली बोटं मिटवली, तीच खूण. मोडक्या हिंदीत म्हणाली, "हमारा आदमी. अत्तिपट्टू. उतरो मेरे साथ."

काकाजींनी खांद्यावरचा दुपट्टा सारखा केला. नंतर पुन्हा सारखा केला.

अत्तिपट्टूच्या फलाटावर गाडी थांबली आणि तो समोरच होता. लुंगी, बनियन, दाढी वाढलेली. दारातून एकेक टोपली डाव्या हातानं ओढून, उजव्या कोपरानं सावरून तो डोक्यावर घेत होता आणि बाकाजवळ नेऊन ठेवत होता. बायका त्याच्याशी तमिळमध्ये बोलत होत्या, तोही बोलत होता. आम्ही उतरलो ते त्याला दिसलं. त्याचा हात क्षणभर थांबला. मग त्यानं पुढची टोपली उचलली.

गाडी गेल्यावर काकाजी त्याच्यापुढं जाऊन उभे राहिले.

"विलास. चाल बाबू, घरी चाल. माय वाट पाहून राह्यली."

त्यानं उजवा हात लुंगीच्या घडीत घातला.

"तुमी कोन? मी तुमाले वळखत नाई."

बोलला ते आमच्याच बोलीत.

"हाताचं सांगतलं मले त्या वॉचमननं," काकाजी म्हणाले. "त्याचं काई नाई. धान फेकाले एकच हात लागते. उजवाच पायजे असा काई नेम नाई."

"तुमचा मानूस दुसरा असन."

"विलास—"

"दुसरा असन म्हनलं ना."

तो टोपल्यांकडं गेला. सरसानं त्याला काही विचारलं, तो टोपल्या रचू लागला. ती कधी त्याच्याकडं, कधी आमच्याकडं पाहत राहिली.

आम्ही बाकावर बसलो. गाड्या येत होत्या, जात होत्या. प्रत्येक गाडीला तो उठायचा, टोपल्या चढवायचा, उतरवायचा, मग फलाटाच्या टोकाला पाठमोरा बसायचा. दुपारी सरसानं डब्यातला भात आणि माशांचं कालवण काढलं, आम्हालाही दिलं, त्यालाही एका ताटलीत नेऊन दिलं. तो आमच्याकडं पाठ करून डाव्या हातानं जेवला. काकाजी ते पाहत होते. आमच्याकडं डाव्या हातानं जेवणाऱ्या लेकराला आई चापट मारते.

जेवण झाल्यावर काकाजी उठले, लाडवांची पिशवी सरसाच्या हातात दिली, विलासकडं बोट केलं, आणि एकटेच पूल चढून समोरच्या फलाटावर गेले. ते समोर असेपर्यंत तो बोलणार नाही हे त्यांनी ओळखलं होतं.

ते पलीकडं उतरेपर्यंत विलास पाहत होता. मग माझ्याजवळ आला.

"उस्ताद."

माझा इतका वेळ दाबून धरलेला राग त्या एका शब्दानं उसळला. मी त्याचा बनियन धरला आणि त्याला हलवला. "बह्याड झाला का रे तू? तो बुढा तुह्यासाठी कुठून आला ते दिसत नाही तुले?" सरसा आणि दुसऱ्या दोघी धावत आल्या, माझे हात सोडवले. तो तसाच उभा राहिला.

"आई आहे का?" त्यानं विचारलं.

"आहे. चालता येत नाही तिला. म्हणून आली नाही."

"तिले सांगजा, भेटला नाई म्हनून."

"काऊन?"

"बाबा एकदा पाह्यतीन आन् गप राह्यतीन. ती रोज पाह्यन, उस्ताद. रोज माहा हात हातात घेऊन पाह्यन."

मी खूप काही बोललो. माझ्या दुकानात बस म्हटलं, गिऱ्हाईक सांभाळ, हिशेब बघ, तारेला हात लावू नको. तो ऐकत होता. शेवटी म्हणाला, "तुमी बाबाले घेऊन जा. पानी येईन." आणि खरंच पाऊस आला.

परतीच्या लोकलमध्ये काकाजींनी विचारलं, "बोलला का तुह्याशी?"

"बोलला."

"का म्हने?"

मी सगळं सांगितलं. दारातून पाऊस आत येत होता. लोकांनी दार लावायला सांगितलं तरी काकाजी तिथून हलले नाहीत.

"आवाज काई बदलला नाई त्याचा," ते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी काकाजी पहाटेच तयार होऊन बसले. म्हणाले, एक दिवस राग असतो, दुसऱ्या दिवशी मानूस नरम येते. अत्तिपट्टूला उतरलो. फलाटावर टोपल्या होत्या, बायका होत्या, तो नव्हता. काल संध्याकाळपासून कोणाला दिसला नव्हता. तो झोपायचा त्या शेडमध्ये त्याची चटई आणि चादर नव्हती. लाडवांची पिशवी तिथंच होती. सरसा आज हसली नाही. तिनं मोडक्या हिंदीत जे सांगितलं ते एवढंच, की तो इथं बरा होता, दोन वेळ जेवत होता, कुणाच्या अध्यात-मध्यात नव्हता. "तुम क्यों आया?" तिनं मला विचारलं. काकाजींना विचारलं नाही, मला विचारलं.

त्या दिवशी आणि त्याच्या पुढच्या दिवशी आम्ही त्या फाट्यावरचं एकेक स्टेशन केलं. मिंजूर, पोन्नेरी, थेट गुम्मिडिपूंडीपर्यंत, जिथं आमची लोकल संपते. गुम्मिडिपूंडीला गाडी रिकामी झाली तरी काकाजी उतरेनात. मी हात धरून उतरवलं. फोटो दाखवायचा आता आम्हाला धीर नव्हता. कोणी ओळखलं असतं तर आम्ही त्याला तिथूनही हाकलून लावलं असतं. आम्ही नुसते फलाट पाहत होतो.

चामोर्शी

बल्लारपूरला मी घरी न जाता काकाजींसोबत तसाच एसटीत बसलो. त्यांना एकटं पाठवणं माझ्यानं झालं नाही. गोंडपिपरी गेली, आष्टीजवळ वैनगंगेचा पूल आला, पाणी उतरून वाळू उघडी पडली होती. चामोर्शीचा बाजार भरलेला होता. गाडी त्या गर्दीतून रखडत निघाली तेव्हा काकाजी पहिल्यांदा बोलले.

"त्यानं सांगतलं तसंच सांगू."

"काकाजी, खरं सांगितलं तर—"

"खरं का आहे? तो आता कुठी आहे, तुले ठाऊक आहे का?"



घर आलं तेव्हा ऊन कलतं होतं. सोनाबाई ओसरीवर बसल्या होत्या. आम्ही दोघंच अंगणात शिरलो. आमच्या मागं आणखी कोणी येतंय का ते त्यांनी पाहिलं, बराच वेळ पाहिलं. मग म्हणाल्या, "हातपाय धुवा."

चुलीवर भात तयार होता, लाखोळीची भाजी होती. आम्ही खाली बसलो. त्या ताटं वाढू लागल्या. काकाजींनी खाली पाहूनच सांगितलं, "नाई भेटला."

त्यांचा वाढणारा हात थांबला नाही.

"म्हंजे मेला त नाई ना?"

"नाई, नाई," मी म्हणालो. "तसं काही नाही, बाई."

"मंग आहे कुठीतरी." भाताची मूद त्यांनी ताटात नीट दाबली. त्यांच्या चेहऱ्यावर जे आलं ते मला बघवेना. त्यांना बरं वाटत होतं. "एवढं मोठं शहर. लोकाले काय, ते सांगतेत भलतंच. सलीमभाऊ, त्या गाड्या किती मोठ्या राह्यते? बसाले जागा भेटते का म्हाताऱ्या मानसाले?"

"भेटते," मी म्हणालो.

"मंग रोवणी आटोपली का मी येईन. गुडघ्याचं होईन काई. तुमी दोघं गडी मानसं. तुमी फलाटावर जा, इकडं तिकडं पाहा, चाय प्या, वापस या. तो बाजूनं गेला असन त तुमच्या ध्यानातबी नसन आलं. दाढी वाढली असन, बारीक झाला असन." त्या माझ्या ताटात भाजी वाढायला वाकल्या. "मी पाह्यला असता त वळखला असता."

मी काकाजींकडं पाहिलं. त्यांनी भातावर भाजी घेतली, कालवली.

"हो," ते म्हणाले. "तू वळखला असता."